एका बाकावर बसवून भागत नाही

गोव्यात वास्को, म्हापसा, मडगाव परिसरातल्या अनेक सरकारी मराठी प्राथमिक शाळांच्या हजेरीपटावर आता घरी कन्नड, लमाणी, हिंदी किंवा तेलुगू बोलणारी मुलं मोठ्या संख्येने दिसतात. बांधकामावरच्या मजुरांची, बाजारात ओझी वाहणाऱ्यांची, हॉटेलांत भांडी घासणाऱ्यांची ही मुलं. काही ठिकाणी आपली मराठी शाळा टिकली आहे ती त्यांच्याच जोरावर. आणि याच मुलांना मधल्या सुट्टीत ‘घाटी’ म्हणून चिडवलं जातं, खेळात शेवटी घेतलं जातं, वर्गात काही हरवलं की पहिलं दप्तर त्यांचं तपासलं जातं. पालकसभेत विषय निघाला की ठरलेलं उत्तर येतं: एकत्र शिकताहेत ना, होईल हळूहळू सगळं ठीक. गेली सत्तर वर्षं सामाजिक मानसशास्त्र नेमका हाच समज तपासतं आहे. निव्वळ एकत्र बसवल्याने फारसं काही होत नाही, हे त्यातून पुन्हा पुन्हा दिसलं आहे.

मुळात हा भेद मुलांच्या डोक्यात शिरतो कसा? रेबेका बिग्लर या मानसशास्त्रज्ञ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९७ साली प्रसिद्ध केलेला प्रयोग प्रत्येक शिक्षकाने वाचावा असा आहे. अमेरिकेतल्या एका उन्हाळी शाळेत सहा ते नऊ वर्षांच्या मुलांना निळे आणि पिवळे टी-शर्ट दिले. काही वर्गांत शिक्षक त्या रंगांचा सतत वापर करत: निळ्यांनी इथे बसा, पिवळ्यांनी आधी रांग करा. बाकीच्या वर्गांत मुलांनी तेच टी-शर्ट घातले होते, पण शिक्षकांनी रंगाचा उल्लेखच केला नाही. काही आठवड्यांनी मुलांना आपल्या आणि दुसऱ्या रंगाच्या गटाबद्दल विचारलं. शिक्षक ज्या वर्गांत रंगाने हाका मारत होते, तिथली मुलं आपल्याच रंगाला झुकतं माप देऊ लागली होती. दुसऱ्या वर्गांत रंग डोळ्यांसमोर असूनही तसं झालं नाही. निळ्यांना कुणी चांगलं म्हटलं नव्हतं, पिवळ्यांना कुणी वाईट म्हटलं नव्हतं. मोठी माणसं ज्या फरकावरून कामं वाटतात तो फरक महत्त्वाचा असणार, एवढं मुलांनी आपापल्या बुद्धीने ताडलं होतं.

आता आपल्या वर्गातली रोजची वाक्यं आठवून पाहा. “कन्नडवाल्यांनी मागच्या बाकावर बसा, तुम्हाला वेगळा अभ्यास देते.” “एसटी, ओबीसी कोण कोण? उभे राहा, शिष्यवृत्तीचे फॉर्म आलेत.” बोलणाऱ्याच्या मनात काही वाईट नसतं, मदतच करायची असते. पण कार्ला हॉफ आणि प्रियंका पांडे यांनी उत्तर प्रदेशातल्या खेड्यांत सहावी-सातवीच्या मुलग्यांना कागदावरची भूलभुलैयाची कोडी सोडवायला दिली, तेव्हा काय झालं ते पाहण्यासारखं आहे. जात जाहीर केली नाही तेव्हा वरच्या आणि खालच्या मानलेल्या जातींच्या मुलांनी सारखीच कोडी सोडवली. प्रत्येकाची जात सगळ्यांसमोर मोठ्याने वाचून दाखवली, की दोन्ही गटांत मोठी तफावत पडली. मुलं तीच, कोडी तीच. फॉर्म वाटायचेच आहेत तर ते ऑफिसात बोलावून, एकेकाच्या हातात देता येतात. त्याला पैसा लागत नाही.

कातडीच्या रंगाबद्दलही दोन शब्द, कारण वंशभेद आपल्याकडे नाही असं आपण फार सहज म्हणतो. ऑक्टोबर २०१३ मध्ये एका नायजेरियन माणसाच्या खुनानंतर पर्वरीला महामार्ग अडवला गेला. त्यानंतर गोव्यात जे बोललं गेलं, त्यात अख्ख्या खंडातल्या माणसांवर एकच शिक्का मारला गेला होता. जनुकशास्त्राला मात्र असा शिक्का मारण्याजोगं काही सापडत नाही. जनुकशास्त्रज्ञ रिचर्ड लेवॉन्टिन यांनी १९७२ साली हिशेब मांडला: माणसामाणसांतल्या जनुकीय फरकांपैकी सुमारे ८५ टक्के फरक एकाच समाजाच्या आत असतो, आणि ज्यांना ‘वंश’ म्हटलं जातं त्यांच्या दरम्यानचा फरक त्यामानाने अगदी किरकोळ. सीमेपलीकडे कर्नाटकात, यल्लापूर-हल्याळच्या रानात सिद्दी समाज राहतो. पोर्तुगीज अमलात गुलाम म्हणून गोव्यात आणलेल्या आफ्रिकी माणसांपैकी जे निसटून रानात गेले, त्यांचे वंशज यात आहेत. २०११ च्या जनुकीय अभ्यासात त्यांच्यात आफ्रिकी, भारतीय आणि थोडा युरोपीय असा तिन्हींचा वारसा आढळला. ही माणसं घरात कोंकणी बोलतात. तरीही शहरात त्यांना “कुठल्या देशाचे?” असं विचारलं जातं. सिद्दींबद्दल एक पान तरी गोव्याच्या चौथीच्या परिसर अभ्यासात असायला हवं. गुलामांच्या व्यापाराचा तो इतिहास आपलाही आहे.

मग उपाय काय? मानसशास्त्रज्ञ गॉर्डन ऑलपोर्ट यांनी १९५४ मध्ये म्हटलं की दोन गटांच्या संपर्काने पूर्वग्रह कमी होऊ शकतो, पण त्याला चार अटी लागतात: दोघांचा दर्जा त्या जागी समान हवा, गाठायचं ध्येय एक हवं, ते गाठायला एकमेकांची गरज पडायला हवी, आणि वरिष्ठांचा त्याला उघड पाठिंबा हवा. २००६ साली थॉमस पेटिग्रू आणि लिंडा ट्रॉप यांनी तोवरचे ५१५ अभ्यास एकत्र तपासले. संपर्काने पूर्वग्रह सरासरीने कमी होतो, आणि या अटी पाळलेल्या ठिकाणी अधिक होतो, असं त्यांना दिसलं.

यातली तिसरी अट किती महत्त्वाची आहे हे मॅट लो यांच्या क्रिकेटच्या प्रयोगात उघड होतं. उत्तर प्रदेशातल्या १,२६१ तरुणांचा हा अभ्यास. काहींना मिश्र जातींच्या संघात टाकलं, काहींना स्वजातीच्याच. मिश्र संघात खेळलेल्यांची परजातीत मैत्री वाढली, संघनिवडीत स्वजातीला झुकतं माप देणंही कमी झालं. पण परजातीच्या संघाविरुद्ध जे जास्त खेळले, त्यांच्यावर परिणाम उलटा झाला. संपर्क दोन्हीकडे होता, मैदान एकच होतं. आपल्या शाळांतल्या गटवार स्पर्धा, ‘मुलगे विरुद्ध मुली’, या वाड्याचे विरुद्ध त्या वाड्याचे, हे सगळं या प्रकाशात एकदा तपासायला हवं.

गोव्याला ही गोष्ट नवी नाही. शिवोलीच्या जागोरात, म्हणजे गावाच्या रात्रभर चालणाऱ्या लोकनाट्याच्या उत्सवात, हिंदू आणि ख्रिस्ती दोन्ही घरांचा मान असतो आणि दोघांशिवाय तो उभा राहत नाही. कुणी तिथे नुसता पाहुणा नसतो. उलट आपल्या शाळांतला ‘संस्कृती दिन’ पाहा. एक मुलगी कुणबी साडी नेसते, एक आरशांचा लमाणी घागरा घालते, फोटो निघतात, शिरा वाटला जातो. त्या मुलीची आई तसाच घागरा घालून कळंगुटच्या किनाऱ्यावर माळा विकते आणि हुसकावली जाते, हे त्या व्यासपीठावर येत नाही. मला या कार्यक्रमांचा राग नाही, मुलं खुश असतात. पण त्याला आंतरसांस्कृतिक शिक्षण, म्हणजे वेगवेगळ्या संस्कृतींच्या मुलांनी एकमेकांकडून शिकणं, म्हणू नये. अशा शिक्षणाबद्दलची युनेस्कोची २००६ ची मार्गदर्शक तत्त्वं परस्परांचा आदर, समज आणि सर्वांचा सक्रिय सहभाग मागतात. एका दिवसाच्या प्रदर्शनात ते बसत नाही.

वर्गात करता येण्याजोगी एक पद्धत मला सगळ्यांत मोलाची वाटते. टेक्सासमधल्या ऑस्टिन शहरात १९७१ साली गोऱ्या, काळ्या आणि मेक्सिकन वंशाच्या मुलांच्या शाळा नुकत्याच एकत्र झाल्या होत्या आणि वर्गांत मारामाऱ्या चालू होत्या. एलियट ॲरन्सन आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी तिथे ‘जिगसॉ’ पद्धत आणली. आपल्याकडे ती अशी चालेल. धडा खाजन शेतीचा, म्हणजे बांध घालून खाऱ्या पाण्यापासून राखलेल्या खाडीकाठच्या शेतीचा, घ्या. पाच मुलांचा गट करा आणि प्रत्येकाला धड्याचा एकच तुकडा द्या. एकाकडे बांध, दुसऱ्याकडे खारं पाणी सोसणारं कोरगुट भात, तिसऱ्याकडे मासळी, चौथ्याकडे गावकरीची, म्हणजे गावाने मिळून जमीन सांभाळण्याची, व्यवस्था. पाचवा तुकडा मानशीचा. मानस म्हणजे बांधातलं लाकडी दार. भरतीच्या पाण्याचा दाब आला की हे दार आपोआप मिटतं, आणि ओहोटीला आतलं पाणी बाहेर ढकलत उघडतं. हा तुकडा समजा कन्नड घरातल्या मुलाकडे आला. आधी सगळ्या गटांतली मानसवाली मुलं एकत्र बसतात, समजून घेतात, बोलून पाहतात. म्हणजे मराठी अजून अडखळत असली तरी त्याची तयारी होते. मग प्रत्येकाने आपल्या गटात परत येऊन शिकवायचं. परीक्षा ज्याची त्याची वेगळी, पण पाचही तुकड्यांवर.

पहिल्या आठवड्यात बाकीचे त्याच्या उच्चारांना हसतील. ऑस्टिनमध्येही हसले होते. बाईंनी रागवायचं नाही, फक्त आठवण द्यायची की मानशीवर प्रश्न येणार आहे आणि उत्तर त्याच्यापाशी आहे. मग हसण्यापेक्षा नीट प्रश्न विचारणं फायद्याचं ठरतं: “दार आत उघडतं की बाहेर? चित्र काढून दाखव ना.” गुण वाढतीलच अशी खात्री या पद्धतीत नाही. ॲरन्सनना मुलांची एकमेकांबद्दलची आवड वाढलेली दिसली.

शाळेबाहेर हे कितपत पोचतं? सल्मा मूसा यांनी इराकमध्ये आयसिसच्या हल्ल्यांनी विस्थापित झालेल्या ख्रिस्ती तरुणांच्या फुटबॉल संघांत मुस्लिम खेळाडू घातले. २०२० साली प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात मिश्र संघातले ख्रिस्ती खेळाडू पुढेही मुस्लिमांबरोबर सराव करताना दिसले. पण अनोळखी मुस्लिमांच्या वस्तीतल्या हॉटेलात जेवायला जाण्याची त्यांची तयारी वाढली नव्हती. म्हणून फक्त मुलांवर भार टाकून चालणार नाही. पालक-शिक्षक संघाच्या कार्यकारिणीत झुआरीनगरच्या किंवा चिंबलच्या वस्तीतली एखादी आई हवी. नुसती सही करायला नव्हे, पोषण आहाराचा हिशेब पाहायला.

आणि हे सगळं मोजायला हवं. साधा मार्ग आहे. वर्ष सुरू होताना प्रत्येक मुलाला चिठ्ठीवर लिहायला सांगा: सहलीला बसमध्ये शेजारी कोण हवं? तीन नावं. ‘कोण नको’ हा प्रश्न कधीही विचारायचा नाही, आणि चिठ्ठ्या वर्गात वाचायच्या नाहीत. घरी कागदावर नावांमध्ये बाण काढा. भाषेची कुंपणं ओलांडणारे बाण किती आणि एकही बाण न आलेली मुलं कोण, ते टिपून ठेवा. दिवाळीच्या सुट्टीनंतर तोच प्रश्न पुन्हा विचारा, आणि आकडा हलला नसेल तर गट बदला.