चोरून पाहणे

दुसऱ्याच्या खासगी क्षणांवर, म्हणजे कपडे बदलताना, अंघोळ करताना किंवा प्रणयप्रसंगी, त्याच्या नकळत नजर ठेवून कामसुख मिळवण्याची वृत्ती, व्हॉयरिझम. नुसते डोकावणे वेगळे. सांगलीच्या गावभागात कुणाकडे पाहुणे उतरले की समोरच्या माडीची खिडकी किलकिली होते. त्याला भोचकपणा म्हणावे, विकृती नव्हे. अमेरिकी मानसोपचारतज्ज्ञांच्या निदानपुस्तिकेनुसार ही ओढ किमान 6 महिने टिकलेली असावी, व्यक्ती 18 वर्षांपुढची असावी आणि तिने तसे प्रत्यक्ष केलेले असावे किंवा त्या ओढीने तिचे जगणे विस्कटलेले असावे.

जुन्या वाड्यात भर दुपारी दारे लावून घेतली, की फळीच्या भोकातून आलेला उजेड समोरच्या भिंतीवर रस्ता उलटा उमटवतो: सायकलवाला खाली डोके, वर चाके असा सरकत जातो. तो प्रकाशाचा नियम झाला. चोरून पाहणाऱ्याला मात्र फटीतून तुकडाच दिसतो आणि उरलेली बाई तो मनाने रचतो. ध्यास वाढला की ही रचना दिसण्यावरही मात करते. फ्रेंच मनोविकारतज्ज्ञ क्लेरांबो यांनी 1921 च्या सुमारास वर्णिलेल्या एका स्त्रीची खात्री होती, की इंग्लंडचा राजा पाचवा जॉर्ज तिच्या प्रेमात आहे. बकिंगहॅम राजवाड्याचा पडदा हलला की ती त्याची खूण समजे.

अशा भ्रमाचा आपल्याकडचा ठसठशीत नमुना विराटपर्वातला कीचक. सैरंध्री धडधडीत नकार देत असताना हा आशेवरच. अखेर अंधाऱ्या नृत्यशाळेत शय्येवर पडलेल्या भीमाला तो सैरंध्री समजून कुरवाळतो. सांगलीत 1872 मध्ये जन्मलेल्या कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांनी याच कथेवर 1907 मध्ये ‘कीचकवध’ रंगभूमीवर आणले. प्रेक्षकांना कीचकात माजी व्हाइसरॉय लॉर्ड कर्झन दिसला, सरकारलाही तोच दिसला आणि 1910 मध्ये नाटकावर बंदी आली. इथे मात्र पाहणाऱ्यांची नजर चुकली नव्हती.

भारतात फौजदारी कायद्यातल्या 2013 च्या दुरुस्तीने बाईला असे चोरून पाहणे हा स्वतंत्र गुन्हा झाला. आता तो भारतीय न्याय संहितेच्या कलम 77 मध्ये येतो. पहिल्या वेळी 1 ते 3 वर्षे, पुन्हा केल्यास 3 ते 7 वर्षे कैद आणि दंड. बाईने फोटो काढू दिला, पण तो पुढे पाठवायला संमती दिली नसेल, तर पाठवणाराही यात अडकतो. चोरून पाहिला गेलेला पुरुष या कलमात बसत नाही.