अर्ज नेमका कुठल्या वकिलातीत? ‘राहता तिथूनच अर्ज करा’ या व्हिसाच्या जुन्या अटीची पार्श्वभूमी

१९२१ साली अमेरिकेने स्थलांतरितांसाठी देशनिहाय कोटा लावला आणि त्याला महिन्याची मर्यादा घातली. परिणामी महिनाअखेरीस न्यूयॉर्क बंदराबाहेर जहाजे ताटकळत उभी राहू लागली. मध्यरात्री तारीख बदलली की आत शिरण्याची शर्यत. मागे पडलेल्या जहाजातल्या माणसांच्या वाट्याचा कोटा संपलेला असे आणि अटलांटिक ओलांडून आलेल्यांवर परत फिरण्याची वेळ येई. १९२४ च्या कायद्याने यावर तोडगा काढला. मोजणी बंदरात करायचीच नाही, माणूस जिथून निघतो तिथल्या कॉन्सुलच्या, म्हणजे तिथे नेमलेल्या अमेरिकी अधिकाऱ्याच्या, टेबलावर करायची. जहाजात पाय ठेवण्याआधी व्हिसा हातात हवा. वकिलातीत अर्ज करण्याच्या आजच्या शिरस्त्यात या तोडग्याचा वाटा मोठा आहे.

शिक्का त्याहून जुना. ‘व्हिसा’ म्हणजे मुळात ‘पाहिले’ असा शेरा, लॅटिनमधून फ्रेंचमार्गे आलेला. पहिल्या महायुद्धात हेरगिरीच्या भीतीपोटी तो सक्तीचा झाला आणि युद्ध संपल्यावर तसाच राहिला. १९२० च्या पॅरिस परिषदेत पासपोर्टचा नमुना ठरला तो ३२ पानांचा, त्यातली २८ पाने व्हिसासाठी. व्हिसा लवकरच जाईल, अशी आशा तेव्हा बोलून दाखवली जात होती. २८ पाने मात्र राखून ठेवली होती!

१९६३ च्या व्हिएन्ना कराराने व्हिसा देणे हे कॉन्सुलचे काम म्हणून कागदावर आणले, आणि कॉन्सुलचे काम ठरावीक हद्दीतच चालेल हेही सांगितले. दूतावास, वाणिज्य दूतावास, वकिलात हे शब्द आपण बोलताना सर्रास एकाच अर्थाने वापरतो. अर्जदाराला त्यातला एकच फरक उपयोगाचा आहे. व्हिसाचे काम कॉन्सुलर विभाग करतो आणि त्या विभागाला हद्द असते. एका देशात त्याच राष्ट्राची तीन-चार कार्यालये असली, तर आपला पत्ता कुणाच्या हद्दीत पडतो हे आधी पाहावे लागते.

खरा गुंता इथून पुढचा आहे. हद्दीत ‘असणे’ आणि हद्दीत ‘राहणे’ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

शेंगेन देशांची, म्हणजे एकाच व्हिसावर फिरता येणाऱ्या युरोपीय देशांची, व्हिसा संहिता एप्रिल २०१० पासून लागू झाली. तिच्यानुसार अर्जदार कायदेशीरपणे जिथे राहतो तिथल्या कॉन्सुलेटने अर्ज घ्यायचा. जो तिथे कायदेशीरपणे फक्त हजर आहे, रहिवासी नाही, त्याचा अर्ज घेता येतो, पण ‘इथूनच का?’ याचे पटणारे कारण त्याने द्यायला हवे. दोन वर्षांच्या कामाच्या परवान्यावर राहणारा रहिवासी, तीन आठवड्यांच्या पर्यटक व्हिसावर आलेला नुसता हजर. ही दोन टोके स्पष्ट आहेत. भांडण मधल्या लोकांचे असते. परवान्याचे कार्ड संपले आहे, नूतनीकरणाची पावती हातात आहे, अशा विद्यार्थ्याचे काय? चार महिन्यांच्या प्रकल्पासाठी बिझनेस व्हिसावर आलेल्या अभियंत्याचे काय? स्थानिक कायद्याने दोघेही बिनचूक आहेत, तरी खिडकीवर पावती चालेलच असे नाही. पटणारे कारण म्हणजे काय याची नेमकी यादी संहितेत नाही. त्यामुळे एका शहरात चालणारे पत्र दुसऱ्या शहरात चालत नाही. ‘तिकडे अपॉइंटमेंट मिळत नव्हती’ हे कारण बहुतेक अर्जदारांना पुरेसे वाटते आणि बहुतेक कॉन्सुलेटना वाटत नाही.

या अडवणुकीमागचा हिशेब समजून घ्यायला हवा. व्हिसा देताना तपासायची मुख्य गोष्ट म्हणजे माणूस मुदतीत परत जाईल का. त्यासाठी नोकरीचे पत्र, बँकेची उलाढाल, घराचे कागद पाहिले जातात, आणि ते खरे की खोटे हे स्थानिक कागदपत्रांची सवय असलेल्या अधिकाऱ्याला जास्त कळते. परवाना परतीच्या तारखेनंतर किमान तीन महिने चालू असावा असे अनेक ठिकाणी मागतात, तेही यातूनच येते. परवानाच संपणार असेल, तर हा माणूस परतणार कुठे? युक्तिवाद बिनतोड नाही. ज्याच्या मायदेशी त्या राष्ट्राचे कार्यालयच नाही किंवा बंद पडले आहे, त्याला हजर असलेल्या जागेवरूनच अर्ज करावा लागतो, आणि हा नियम सर्वात जास्त जाचतो तो त्यालाच.

निदान चूक झाली तर काय होते, हे संहितेत स्पष्ट आहे. कॉन्सुलेटला अधिकारच नसेल तर अर्ज, कागद आणि व्हिसा शुल्क परत करून योग्य कॉन्सुलेट कोणते ते सांगायचे. याला नकार म्हणत नाहीत. पुढच्या अर्जात ‘पूर्वी व्हिसा नाकारला आहे का?’ या रकान्यात हे परत आलेले प्रकरण नकार म्हणून लिहिले, तर आपणच आपल्या मागे नको ती चौकशी लावून घेतो.

अमेरिकेचा इतिहास उलट्या दिशेने गेला. तिसऱ्या देशातून, म्हणजे मायदेशही नाही आणि अमेरिकाही नाही अशा ठिकाणाहून, अर्ज करण्याला तिथे बराच काळ वाव होता. १९९६ च्या दुरुस्तीने पहिली कात्री लागली. मुदतीपेक्षा जास्त राहिलेल्याचा व्हिसा आपोआप रद्द, आणि नवा अर्ज मोजके अपवाद सोडता नागरिकत्वाच्या देशातूनच. दुसरी कात्री यंत्राने लावली. तोवर काही व्हिसा-वर्गांतल्या कर्मचाऱ्यांना अमेरिकेत बसून टपालाने व्हिसा नव्याने करून घेता येई. ऑक्टोबर २००४ पर्यंत प्रत्येक नव्या व्हिसासाठी बोटांचे ठसे घेणे भाग होते, टपालात ठसे घेता येत नाहीत, म्हणून त्या जुलैत ही सोय बंद झाली. मग लोक शेजारच्या देशांत जाऊन अर्ज करू लागले. तिथे एक खाच होती. कॅनडा-मेक्सिकोची तीस दिवसांच्या आतली फेरी संपलेल्या व्हिसावरही चालते, पण तिथे नव्या व्हिसाचा अर्ज केला की २००२ पासून ही सवलत जाते. अर्ज फेटाळला किंवा अडकला, तर माणूस बाहेरच.

सप्टेंबर २०२५ मध्ये तिसरी कात्री लागली. तात्पुरत्या व्हिसाच्या अर्जदारांनी नागरिकत्वाच्या किंवा रहिवासाच्या देशातूनच मुलाखत द्यावी, रहिवास सांगायचा तर तो सिद्ध करावा, आणि दुसरीकडे भरलेले शुल्क परत मिळणार नाही की वळतेही होणार नाही. शेंगेनमध्ये चुकीच्या जागी अर्ज केल्यास व्हिसा शुल्क परत मिळते, इथे बुडते. एकाच चुकीची ही दोन फळे लक्षात ठेवलेली बरी.

खासगी केंद्रे या चित्रात २००१ पासून आली. मुंबईत एका कंपनीने अमेरिकी कॉन्सुलेटसाठी कागद गोळा करण्याचे काम सुरू केले, आणि तो नमुना जगभर गेला. शेंगेन संहितेने सुरुवातीला बाहेरची कंपनी हा शेवटचा पर्याय मानला होता. आता अनेक शहरांत अर्जदाराला कॉन्सुलेटची पायरीही दिसत नाही. केंद्राला निर्णयाचा अधिकार नाही. ‘ही फाइल नाकारली जाईल’ असे खिडकीवरचा कर्मचारी म्हणाला, तरी तो कॉन्सुलेटचा नकार नव्हे. फाइल अपुरी असल्याची नोंद करून ती पुढे पाठवायला सांगता येते.

शेंगेनमधल्या कुठल्या देशाकडे अर्ज करायचा, यातही फाइली अडकतात. प्रवासाचा मुख्य मुक्काम ज्या देशात, त्याच्याकडे अर्ज. इटलीत पाच रात्री आणि फ्रान्समध्ये चार असतील तर इटली, विमान पॅरिसला उतरत असले तरी. प्रथम प्रवेशाचा देश मोजायचा तो मुख्य मुक्काम ठरवताच येत नसेल तेव्हा. ज्याची अपॉइंटमेंट लवकर मिळते त्याच्या नावाने हॉटेले दाखवायची आणि मग बुकिंग फिरवायचे, हा उद्योग अधिकाऱ्यांना नवा नाही.

बोटांच्या ठशांनी अर्जदाराला पुन्हा जागेशी बांधले. शेंगेनच्या व्हिसा माहितीप्रणालीची सुरुवात ऑक्टोबर २०११ मध्ये उत्तर आफ्रिकेपासून झाली आणि नोव्हेंबर २०१५ पर्यंत ती जगभर पोहोचली. दहाही बोटांचे ठसे घेतात, ते ५९ महिने पुन्हा वापरता येतात, बारा वर्षांखालच्या मुलांना सूट आहे. चार, चार आणि मग दोन्ही अंगठे असा यंत्राचा क्रम असतो. कोरडी त्वचा, ताजी जखम, घासून गुळगुळीत झालेली बोटे यांत वाचन अडते. त्या दिवशी प्रयत्न फसला तर नवी तारीख घ्यावी लागते, म्हणून बोटावर जखम असताना जाऊ नये.

नोव्हेंबर २०२३ मध्ये युरोपने ऑनलाइन अर्जाचा नियम मंजूर केला. चिकटवायच्या स्टिकरची जागा सही केलेला द्विमितीय बारकोड घेईल, आणि अर्ज कुठल्या देशाकडे जातो हे प्रणालीच ठरवील. पहिला अर्ज, जुने झालेले ठसे किंवा नवा पासपोर्ट असेल तर प्रत्यक्ष जावेच लागेल, आणि जायचे ते साधारणपणे रहिवासाच्याच जागी.