वॉर्ड बदलला म्हणून निवडणूक थांबते का?

चोपडा, यावल, रावेरकडच्या पारांवर वर्षानुवर्षं एकच वाक्य ऐकू येतं: "आपली गल्ली दुसऱ्या वॉर्डात टाकली ना, मग कोर्टात जाऊ, ग्रामपंचायतीची निवडणूकच थांबेल." हे खरं नाही. पंचायतीच्या वॉर्डरचनेला कोर्टात आव्हान द्यायला बंदी घालणारा राज्यघटनेचा अनुच्छेद 243-ओ इथे आडवा येतो. 1995 साली सुप्रीम कोर्टाने उत्तर प्रदेशच्या प्रकरणात फट ठेवली ती एवढीच: हरकती मागवल्याच नाहीत, सुनावणीच दिली नाही, तर दाद मागता येते, तीही निवडणुकीची अधिसूचना निघण्याआधी. म्हणून वॉर्डांच्या प्रारूप, म्हणजे कच्च्या, रचनेचा कागद ग्रामपंचायतीच्या फलकावर लागला की त्याच आठवड्यात चतुःसीमा वाचा, नाला कुठे, रस्ता कुठे ते पाहा, मुदतीत लेखी हरकत द्या आणि पोच घ्या. पोचेचा तो शिक्का फार मोलाचा. निकालानंतर मात्र निवडणूक याचिका, तीही 15 दिवसांत, दिवाणी न्यायाधीशांकडे.