युद्ध आणि राज्यसंस्था : आरंभीचा आधुनिक कालखंड

सुमारे १४५० ते १८०० या साडेतीन शतकांत युद्धाच्या गरजांमुळे राज्यांची करव्यवस्था, प्रशासन व कर्जव्यवहार आणि समाजाची रचना कशी बदलत गेली, याचा विचार या विषयात केला जातो. या काळात दारूगोळ्याची शस्त्रे रुळली, फौजा मोठ्या झाल्या आणि युद्धे लांबली, हे सर्वपरिचित आहे. त्याहून महत्त्वाचा प्रश्न रणांगणाबाहेरचा होता : दोन लढायांच्या मधल्या महिन्यांत एवढ्या माणसांचा पगार आणि पोटापाण्याची सोय कोणी करायची? निरनिराळ्या राज्यांनी या प्रश्नाला दिलेल्या उत्तरांतून त्यांची घडण बहुतांशी ठरली.

१४५३ मध्ये उस्मानी तोफांनी कॉन्स्टँटिनोपलचे हजार वर्षे टिकलेले तट फोडले. १४९४ मध्ये फ्रान्सचा राजा आठवा चार्ल्स गाड्यांवरून सहज नेता येणाऱ्या काशाच्या तोफा घेऊन इटलीत उतरला, तेव्हा उंच, पातळ भिंतींचे किल्ले निकामी झाल्याचे तिथल्या नगरराज्यांना कळून चुकले. त्यांनी बुटके, जाड, आत माती भरलेले तट आणि पुढे आलेले कोनाकृती बुरूज बांधायला सुरुवात केली. एका बुरुजावरून शेजारच्या बुरुजाच्या पायथ्यावर थेट मारा करता येत असल्याने हल्लेखोराला दडायला जागा उरत नसे. असे शहर जिंकायचे तर महिनोन्‌महिने वेढा घालून बसावे लागे आणि त्यासाठी मोठी फौज लागे. असे शहर राखायचे तर तटबंदीचा खर्च सोसावा लागे. सिएना या नगरराज्याने १५५३ मध्ये अशी तटबंदी हाती घेतली. बांधकामात तिजोरी इतकी रिती झाली की शत्रू चालून आला तेव्हा तट अपुरे होते आणि पुरेशी फौज उभी करण्याइतका पैसाही उरला नव्हता. १५५५ च्या एप्रिलमध्ये सिएना शरण गेली आणि पुढे फ्लॉरेन्सच्या राज्यात विलीन झाली. लहान राज्यांना नव्या युद्धपद्धतीचा खर्च का झेपला नाही, हे दाखवणारे याहून बोलके उदाहरण सापडणे कठीण आहे.

बंदुकीने सैनिकही बदलला. नेम धरून एकेकट्याने लढण्यापेक्षा रांगेने एकाच वेळी गोळ्या झाडणे अधिक परिणामकारक होते, पण त्यासाठी शिस्त लागे. नेदरलँड्समध्ये नासाऊचा मॉरिस आणि त्याचे चुलत बंधू यांनी १५९० च्या दशकात कवायतीची पद्धत घालून दिली. पहिली रांग बार काढून मागे जाई, बंदूक पुन्हा भरी आणि तोवर पुढची रांग बार काढी. १६०७ मध्ये छापलेल्या कवायतीच्या सचित्र पुस्तकात बंदूक खांद्यावरून उतरवणे, दारू ओतणे, गोळी ठासणे, वात फुंकणे अशी प्रत्येक हालचाल सुटी करून दाखवली आहे. एकट्या बंदुकीच्याच चाळीसहून अधिक कृती त्यात आहेत. असा शिकवलेला सैनिक मोहीम संपताच घरी पाठवणे म्हणजे त्याच्यावरची मेहनत वाया घालवणे होय. म्हणून त्याला शांततेच्या काळातही पदरी ठेवणे भाग पडले. खड्या फौजेचे एक मूळ इथे आहे.

पगार थकला की काय होते, हे स्पेनच्या उदाहरणावरून दिसते. अमेरिकेतून येणाऱ्या चांदीच्या जोरावर स्पेनचा राजा दुसरा फिलिप एकाच वेळी भूमध्य समुद्रात आणि नेदरलँड्समध्ये लढत होता, पण ती चांदीही पुरी पडेना. १५७५ मध्ये त्याने सावकारांची देणी थांबवली. परिणामी सैनिकांचे पगार तुंबले, पलटणींनी बंड केले आणि १५७६ च्या ४ नोव्हेंबरला याच फौजेने आपल्याच राजाच्या अमलाखालचे अँटवर्प हे संपन्न शहर लुटून जाळले. हजारो नागरिक मारले गेले. अवघ्या चार दिवसांनी राजनिष्ठ आणि बंडखोर प्रांतांनी गेंट येथे एकत्र येऊन स्पॅनिश फौजा घालवून देण्याचा करार केला. रणांगणात सहसा न हरणाऱ्या सैन्याने थकलेल्या पगारापायी आपल्या राजाचे प्रांत असे दुरावले.

जर्मन प्रदेशात पेटलेल्या तीस वर्षांच्या युद्धात (१६१८–४८) सम्राटाचा सेनापती वालेनश्टाइन याने युद्धाने युद्धाला पोसावे हे तत्त्व व्यवस्थितपणे अमलात आणले. फौज ज्या मुलखात उतरेल तिथल्या गावांनी ठरलेली रक्कम, धान्य व वैरण द्यायची आणि त्या बदल्यात लुटीपासून वाचायचे, अशी ही खंडणीची रीत होती. लुटीपासून न वाचलेल्या शहराचे काय होई, ते १६३१ च्या मे महिन्यात माग्देबुर्ग या जर्मन शहराने अनुभवले. तिथे सुमारे वीस हजार माणसे मेली. जर्मन प्रदेशाच्या एकूण मनुष्यहानीच्या अंदाजांत मोठी तफावत असली, तरी पॉमेरेनिया व व्युर्टेंबर्ग यांसारख्या भागांतली वस्ती निम्म्याच्या आसपास किंवा त्याहूनही घटली. यांतले बहुतेक मृत्यू हत्याराने झाले नाहीत. फौजेबरोबर फिरणारा ताप, प्लेग आणि पेरणीच न झाल्याने पडलेला दुष्काळ ही त्यांची कारणे होती.

सक्तीच्या भरतीचा भार एका गावावर किती पडू शकतो, हे उत्तर स्वीडनमधील ब्युग्देओ या परगण्याच्या नोंदींतून कळते. १६२१ ते १६३९ या काळात या परगण्याने पोलंड व जर्मनीतील मोहिमांसाठी २३० तरुण दिले. त्यांपैकी २१५ मेले आणि पाच जण अपंग होऊन परतले. पुढे पुढे तर पंधरा-सोळा वर्षांची मुले भरतीत दिसू लागतात. ही मोजणी आज करता येते, कारण राज्याच्या भरतीयाद्या शिल्लक आहेत. प्रजेतला एक-एक माणूस नावानिशी टिपून ठेवण्याची राज्याची ताकद आणि त्या माणसाचे मरण या दोन्ही गोष्टी एकाच कागदावर आहेत, हे अभ्यासकाने विसरू नये.

खर्चाचा प्रश्न सर्वांत टिकाऊपणे सोडवला तो डच प्रजासत्ताक आणि इंग्लंड यांनी. तिथे कर मंजूर करणारे आणि राज्याला कर्ज देणारे बरेचसे एकाच वर्गातले असल्याने कर्ज फिटेल असा भरवसा होता आणि व्याजदर उतरत गेले. इंग्लंडमध्ये हे सहज घडले नाही. पहिल्या चार्ल्सने संसदेला डावलून किनाऱ्यावरचा जहाजकर १६३५ मध्ये आतल्या परगण्यांवरही बसवला, आणि त्यावरून पेटलेला वाद १६४२ च्या यादवी युद्धामागच्या कारणांपैकी एक ठरला. १६८९ मध्ये संसदेच्या संमतीशिवाय शांततेच्या काळात खडी फौज ठेवता येणार नाही, असे कायद्याने ठरले. त्यानंतर मात्र त्याच संसदेने युद्धासाठी पूर्वी कोणत्याही राजाला मिळाला नव्हता इतका पैसा उभारून दिला. १६९४ मध्ये फ्रान्सविरुद्धच्या युद्धासाठी सरकारला १२ लाख पौंड ८ टक्के व्याजाने देणाऱ्यांची मंडळी म्हणून बँक ऑफ इंग्लंडची स्थापना झाली. युद्धाने राजाची सत्ता नेहमी वाढते, या समजाला इथे छेद मिळतो.

फ्रान्समध्ये चौदाव्या लुईच्या काळी फौज कागदोपत्री साडेतीन लाखांच्या पुढे गेली. तिच्यासाठी प्रांतोप्रांती राजाचे थेट अधिकारी नेमले गेले. पण सरदारवर्गाला बहुतांशी सूट राहिल्याने कराचे ओझे शेतकऱ्यावरच राहिले. त्याच्या आधी, तेराव्या लुईच्या काळीही १६३६–३७ मध्ये नैर्ऋत्य फ्रान्समध्ये आणि १६३९ मध्ये नॉर्मंडीत झालेले उठाव अशाच ओझ्याविरुद्धचे होते. प्रशियात १७३३ पासून प्रत्येक पलटणीला भरतीसाठी एक टापू नेमून दिला गेला, तिथल्या मुलांची नावे लहानपणीच नोंदली जाऊ लागली आणि शिकून तयार झालेले सैनिक वर्षाचा बराच काळ शेतीकामासाठी घरी पाठवले जाऊ लागले. गावचा जमीनदार आणि पलटणीचा अधिकारी एकाच घराण्यातले असत, त्यामुळे शेतावरची आणि छावणीतली हुकमत एकमेकींत मिसळली. रशियात १७०० मध्ये नार्व्हा येथे स्वीडनकडून झालेल्या पराभवानंतर झार पीटरने चर्चच्या घंटा वितळवून तोफा ओतल्या, १७०५ पासून नियमित भरती सुरू केली आणि फौजेच्या खर्चासाठी दर पुरुषामागे डोईपट्टी बसवली; १७२४ मध्ये ती ७४ कोपेक होती. या पट्टीसाठी झालेल्या गणनेत पूर्वीचे गुलाम आणि भूदास (जमिनीला बांधलेले शेतकरी) एकाच यादीत धरले गेले. अशा रीतीने एका कराने समाजाचा एक जुना थर पुसून टाकला आणि भूदासत्व अधिक घट्ट केले.

मात्र युद्धाने सर्वत्र बळकट राज्येच निर्माण केली, असे नाही. पोलंड–लिथुएनियात एका सदस्याच्या नकारानेही सभागृहाचे कामकाज मोडू शकत असे. १७१७ मध्ये तिथली फौज २४ हजारांवर मर्यादित केली गेली आणि १७७२, १७९३ व १७९५ अशा तीन फाळण्यांत ते राज्य नकाशावरून नाहीसे झाले. चीनमध्ये मिंग सत्तेने मांचूंशी लढण्यासाठी १६१८ पासून वाढीव सारा लादला. दुष्काळात पिचलेल्या प्रांतांतून उठलेल्या बंडखोरांनी १६४४ मध्ये बीजिंग घेतले. औरंगजेबाशी चाललेल्या दीर्घ लढ्यात राजारामाच्या काळी रोख पगार देणे अशक्य झाले, म्हणून सरदारांना वतने व सरंजाम देऊन मराठ्यांनी लढा टिकवला. लढा टिकला, पण पुढच्या मराठी सत्तेचे विकेंद्रित स्वरूपही त्यातूनच आले. जपानमध्ये उलट घडले. तिथला सत्ताधीश हिदेयोशी याने १५८८ मध्ये शेतकऱ्यांकडची शस्त्रे गोळा केली, सामुराई व शेतकरी यांना कायद्याने वेगळे केले, आणि १६१५ नंतरच्या दोन शतकांहून अधिक शांततेत ही युद्धकाळातली वर्गव्यवस्थाच तिथल्या समाजाची चौकट बनली.

ब्रिटिश इतिहासकार मायकेल रॉबर्ट्स यांनी १९५५ मध्ये बेलफास्ट येथील व्याख्यानात या बदलांना ‘लष्करी क्रांती’ म्हटले आणि तिचा काळ १५६० ते १६६० असा धरला. पुढील अभ्यासकांनी हा काळ मागे-पुढे ताणला, तटबंदीला अधिक महत्त्व दिले आणि क्रांती हा शब्द एवढ्या संथ प्रक्रियेला लागू पडतो का, असा आक्षेपही घेतला. हा आक्षेप रास्त वाटतो.

सैनिक राज्याचा झाला, तसा जखमी आणि म्हातारा सैनिकही राज्याच्या वाट्याला आला. पूर्वी फ्रान्समध्ये अशा माणसांना मठांच्या आश्रयाला ठेवले जाई. मठांना ते नकोसे होत आणि पुष्कळ जण शहरांच्या रस्त्यांवर भीक मागत. १६७० मध्ये चौदाव्या लुईने पॅरिसमध्ये त्यांच्यासाठी अॅन्व्हालिद ही वास्तू बांधण्याचा हुकूम काढला आणि १६८२ मध्ये लंडनजवळ चेल्सी येथे तशाच आश्रमाचा पाया घातला गेला.