विश्व निसटू लागलं तर घंटा वाजेल का?

माझी भाची विज्ञानकथा लिहिते. तिच्या नव्या कथेतलं विश्व अस्थिर आहे. सकाळी सराफ्यामागची गल्ली असते, दुपारी नसते. इंदूरच्या राजवाड्याखाली मात्र एक स्थैर्ययंत्र धडधडत असतं. कुठं वास्तव विरघळायला लागलं की घंटा वाजते, कामावरचा माणूस खटका ओढतो आणि गल्ली जागेवर येते. "मामा, यातलं विज्ञान तेवढं बघून दे," एवढंच तिचं मागणं.

अस्थिर विश्व ही काही नुसती कथालेखकांची हौस नाही. आपण जिला रिकामी जागा म्हणतो, तीही हिग्ज क्षेत्रानं भरलेली असते आणि इलेक्ट्रॉन, क्वार्क यांना वस्तुमान मिळतं ते त्यामुळेच. या क्षेत्राचा कण, हिग्ज बोसॉन, २०१२ मध्ये जिनिव्हाजवळच्या सर्न या प्रयोगशाळेत सापडला. त्याचं वस्तुमान सुमारे १२५ गिगाइलेक्ट्रॉनव्होल्ट भरलं (कणांचं वस्तुमान आणि ऊर्जा मोजायचं हे एकक). १९९५ मध्ये अमेरिकेतल्या फर्मीलॅबमध्ये सापडलेल्या टॉप क्वार्कचं, म्हणजे सर्वांत जड क्वार्कचं, सुमारे १७३. हे दोन आकडे आजच्या समीकरणांत घातले आणि पुढं काही नवं दडलेलं नाही असं धरलं, तर उत्तर जरा अडचणीचं येतं: आपलं निर्वात, म्हणजे हीच रिकामी जागा, सर्वांत कमी ऊर्जेच्या अवस्थेत नाही. इंदूरजवळच्या जानापाव डोंगराच्या उतारावर एखाद्या खळग्यात पावसाचं पाणी साठून राहावं, तसं ते आहे. काठ उंच आहे म्हणून पाणी थांबलंय; खरी दरी खालीच आहे. पुंजभौतिकीत (क्वांटम भौतिकीत) मात्र काठ न ओलांडता त्याच्यातून आरपार जाण्याची, म्हणजे टनेलिंगची, शक्यता असते. अत्यल्प असते, पण शून्य नसते.

भौतिकशास्त्रज्ञ सिडनी कोलमन यांनी १९७७ मध्ये या घसरणीचं गणित मांडलं. कुठंतरी एका अतिसूक्ष्म बिंदूत नवं निर्वात तयार होतं, त्याचा बुडबुडा फुगू लागतो आणि लवकरच त्याची भिंत जवळजवळ प्रकाशाच्या वेगानं पसरते. आत इलेक्ट्रॉनचं वस्तुमान वेगळं, म्हणजे अणू वेगळे, म्हणजे आपलं रसायनशास्त्र संपलंच. घाबरायचं कारण नाही. विश्वाचं वय १,३८० कोटी वर्षं, आणि या घटनेला लागणारा अपेक्षित काळ वर्षांत लिहायचा तर एकावर शंभराहून जास्त शून्यं द्यावी लागतात. एलआयसीच्या एजंटालाही यात काही विकता यायचं नाही.

कथेची पहिली अडचण घंटेची. भिंत जवळजवळ प्रकाशाच्या वेगानं येते, आणि ती येत असल्याची बातमीसुद्धा त्याहून वेगानं येऊ शकत नाही. सूर्यापाशी बुडबुडा निर्माण झाला, तर पुढची आठ मिनिटं सूर्य आपल्याला नेहमीसारखाच दिसत राहील. मग बातमी आणि भिंत जवळजवळ एकदमच दारात.

यावर भाचीनं वाद घातला, आणि मुद्दा चांगला होता. "पण मामा, कॅटमध्ये तर प्रकाशाच्या वेगानं पळणारे इलेक्ट्रॉन सांभाळतातच की!" इंदूरकर ज्याला अजून नुसतं कॅट म्हणतात, त्या राजा रामण्णा प्रगत तंत्रज्ञान केंद्रातल्या इंडस-२ या इलेक्ट्रॉन फिरवत ठेवणाऱ्या कड्याचा परीघ सुमारे १७२ मीटर आहे. त्यात २.५ गिगाइलेक्ट्रॉनव्होल्ट ऊर्जेचे इलेक्ट्रॉन सेकंदाला १७ लाखांहून जास्त फेऱ्या मारतात. तापमान बदलतं, जमीन थरथरते, वीजपुरवठा किंचित हलतो, आणि इलेक्ट्रॉनांची शलाका वाटेवरून ढळू लागते. जागोजागी बसवलेली उपकरणं ती कुठं आहे ते मोजतात आणि छोटे चुंबक तिला परत आणतात. हे जमतं, कारण ढळणं फेऱ्यांच्या मानानं फार संथ असतं आणि तीच शलाका पुन्हा पुन्हा समोर येते. बुडबुडा दुसऱ्या फेरीला येत नाही.

म्हणजे झाल्यावर सावरणारं यंत्र बाद. होऊच न देणारं यंत्र हवं, आणि त्याची एक कल्पना खरोखर उपलब्ध आहे. कोलमन यांचा निबंध आला त्याच वर्षी बैद्यनाथ मिश्र आणि आपले ई. सी. जी. सुदर्शन या भौतिकशास्त्रज्ञांनी दाखवलं, की अस्थिर पुंजव्यवस्था सारखी तपासत राहिलं तर तिचं ढासळणं लांबतं. प्रत्येक मोजमाप तिला पहिल्या पायरीवर परत नेतं. याला क्वांटम झेनो परिणाम म्हणतात. २००१ मध्ये टेक्सासमधल्या एका प्रयोगात लेसरच्या जाळीतून टनेलिंगनं निसटणाऱ्या थंड सोडियम अणूंवर हे पाहायलाही मिळालं. पण मोजमापांमधलं अंतर वाढवलं, तेव्हा त्याच अणूंचं निसटणं उलट वाढलं. माझ्या मते कथेचं सगळं बीज इथं आहे: स्थैर्ययंत्र मंदावलं, तर ते निकामी होत नाही, घातक होतं.

आता वेग किती लागेल? हिग्ज क्षेत्राचा हा धोका सुमारे १० अब्ज गिगाइलेक्ट्रॉनव्होल्टच्या पलीकडे दिसू लागतो. त्या ऊर्जेशी जुळणारा काळ म्हणजे सेकंदाचे एकावर ३४ शून्यं इतके भाग केले, तर त्यातला साधारण एक. प्रयोगात माणसानं मोजलेला सर्वांत छोटा काळ, हायड्रोजनचा रेणू ओलांडायला प्रकाशाला लागणारा, सुमारे २४७ झेप्टोसेकंद आहे (सेकंदाचे एकावर २१ शून्यं इतके भाग केले, तर त्यातला एक म्हणजे झेप्टोसेकंद). म्हणजे आपल्याला लागणाऱ्या काळाच्या कोट्यवधी कोटी पट मोठा. शिवाय बुडबुडा कुठंही जन्मू शकतो, तेव्हा मोजमाप एका तळघरातून भागणार नाही, ते अवकाशाच्या प्रत्येक ठिपक्यावर हवं. आणि इतक्या बारीक काळात काही मोजायचं, तर तितकीच प्रचंड ऊर्जा तिथं ओतावी लागते: सर्नच्या महाधडकयंत्रातल्या (एलएचसी) कणांच्या टकरींच्या जवळपास दहा लाख पट. तेवढा मारा सतत झेलताना निर्वाताचा काठ भक्कम राहील की त्यालाच भगदाड पडेल, हे भाचीनं कथेत ठरवायचं आहे.