पार्श्वभूमी : हाय-रेझ स्ट्रीमिंग आणि एमक्यूएचा गुंता

हाय-रेझ, म्हणजे सीडीपेक्षा सरस दर्जाच्या, स्ट्रीमिंगमधून उत्तम आवाज मिळवायचा तर स्टुडिओतून निघालेली फाइल कुठेही हात न लागता डॅकपर्यंत (डिजिटल माहितीचा ऐकू येणारा सिग्नल बनवणाऱ्या यंत्रापर्यंत) पोचली पाहिजे. आज हे कुणालाही पटतं. पण 2017 ते 2024 या काळात एक मोठी सेवा एमक्यूए या तंत्रामागे नेमकी उलट्या दिशेने गेली. आजच्या सेटिंग्जमधला बराच गोंधळ तिथून आला आहे.

त्याआधीचं थोडक्यात. एसएसीडी (1999) आणि डीव्हीडी-ऑडिओ (2000) या सीडीपेक्षा सरस तबकड्या बाजारात चालल्या नाहीत. लोकांना सोय हवी होती आणि ती एमपी3ने दिली. 2001 मध्ये आलेलं फ्लॅक, म्हणजे आवाजातलं काहीही न गमावता फाइल आकसणारं स्वरूप, खुलं होतं, मोफत होतं, पण बरीच वर्षं ते डाउनलोड करणाऱ्या शौकिनांपुरतंच राहिलं. 2014 मध्ये अमेरिकेतल्या संघटना आणि बड्या लेबलांनी हाय-रेझची व्याख्या केली : सीडीपेक्षा सरस स्रोतावरून मास्टर केलेलं (प्रकाशनासाठी अंतिम ध्वनिप्रत बनवलेलं) लॉसलेस, म्हणजे काहीही न गमावलेलं, संगीत. त्याच व्याख्येखाली चार वर्ग पाडले आणि त्यातला एक वर्ग चक्क सीडी मास्टरसाठी ठेवला. शब्द सैल झाला तो तेव्हापासून.

त्याच वर्षाच्या अखेरीस एका ब्रिटिश कंपनीने एमक्यूए जाहीर केलं. अडचण खरी होती. 24 बिट/192 किलोहर्ट्झचा (ध्वनीचा प्रत्येक नमुना 24 बिटचा, सेकंदाला असे 1,92,000 नमुने) कच्चा स्टीरिओ प्रवाह सेकंदाला 9216 किलोबिट भरतो, सीडीचा 1411. फ्लॅकने तो बराच आकसतो, तरी तेव्हाच्या मोबाइल डेटाला झेपणारा नव्हता. एमक्यूएमध्ये वरच्या कंप्रतांची माहिती घडी घालून खालच्या बिट्समध्ये दडवली जाई आणि फाइल 44.1 किंवा 48 किलोहर्ट्झचीच राही. पहिली घडी अ‍ॅप उलगडे. पुढचं काम परवाना घेतलेल्या डॅकचं. डॅकवर हिरवा किंवा निळा दिवा लागला, की निर्मात्याला अभिप्रेत असलेलाच आवाज आपल्याला मिळतो आहे, असं सांगितलं जाई.

नॉर्वेत मूळ असलेल्या एका सेवेने जानेवारी 2017 मध्ये हे स्वीकारलं आणि वाद पेटला. एमक्यूए गणिती अर्थाने लॉसलेस नव्हतं. डॅककडे परवाना नसेल तर पूर्ण उलगडा होत नसे, आणि उलगडाच झाला नाही तर खालचे बिट्स निव्वळ गोंगाट म्हणून उरत. समर्थक म्हणत, डिजिटल रूपांतरात ध्वनीची वेळेतली धार बोथट होते, ती यातून परत येते. 2021 मध्ये एका समीक्षकाने चाचणीचे सिग्नल सेवेवर चढवून बाहेर काय येतं ते मोजलं आणि जाहीर केलं. कंपनीचं उत्तर होतं की ते संगीतच नव्हतं, त्यामुळे एन्कोडर (फाइल एमक्यूएमध्ये बदलणारी प्रणाली) त्यासाठी बनलेलाच नाही. हे उत्तर मला तोकडं वाटतं. लॉसलेस म्हणवणाऱ्या साखळीत आत काय गेलं याला महत्त्व नसतं. जसं गेलं तसंच बाहेर यायला हवं. पण खरं दुखणं यापेक्षा मोठं होतं. श्रोत्याला तपासताच येत नव्हतं. दिवा लागला की विश्वास ठेवायचा.

दरम्यान मूळ कारणच उरलं नाही. भारतात 2016 नंतर डेटा कवडीमोल झाला, बाहेरही ब्रॉडबँड वाढलं. मे 2021 मध्ये दोन अमेरिकी बड्या कंपन्यांनी एकाच दिवशी लॉसलेस संगीत जादा पैसे न घेता देण्याची घोषणा केली. महागड्या वेगळ्या श्रेणीचा आधार गेला. एप्रिल 2023 मध्ये एमक्यूएची कंपनी दिवाळखोरीच्या वाटेवर प्रशासकाच्या ताब्यात गेली. जुलै 2024 मध्ये त्या सेवेने एमक्यूए काढून फ्लॅक आणलं. त्या काळात केवळ निळ्या दिव्यासाठी डॅक घेणाऱ्यांना कुणी भरपाई दिली नाही.

फाइलचा प्रश्न सुटल्यावर लक्ष वाटेतल्या अडथळ्यांकडे गेलं. अँड्रॉइडचा मिक्सर (सगळ्या अ‍ॅप्सचे आवाज एकत्र करणारा भाग) बहुतेक फोनवर सगळा आवाज 48 किलोहर्ट्झला आणून सोडतो, त्यामुळे 96चं गाणं लावलं तरी डॅकच्या पडद्यावर 48च दिसतं. यूएसबी डॅकसाठी हा मिक्सर टाळण्याची अधिकृत सोय 2023 च्या अँड्रॉइड 14 मध्ये आली, पण फोन आणि अ‍ॅप दोघांनी ती वापरली तरच. आयफोनवर 48च्या वरचं ऐकायला बाहेरचा डॅक लागतोच. विंडोजवर एक्सक्लुझिव्ह मोड (डॅक फक्त त्या अ‍ॅपच्या ताब्यात देणारी सोय) अ‍ॅपमध्ये शोधून चालू करावा लागतो, आणि मॅकवर पुष्कळदा सॅम्पलिंग रेट (तोच किलोहर्ट्झचा आकडा) हाताने जुळवावा लागतो. ब्लूटूथवर आवाज आकसून पाठवणारं एलडॅकसारखं वरच्या दर्जाचं तंत्रसुद्धा सेकंदाला 990 किलोबिटला थांबतं, म्हणजे सीडीच्याही खाली.

मास्टरचा मुद्दा मात्र अजून मागेच पडलेला आहे. 78 आरपीएमच्या तबकडीवरचं नाट्यसंगीत 192वर चढवलं तरी मुळात नसलेल्या वरच्या कंप्रता येणार नाहीत. तिथे फरक पडतो तो सुई कोणती वापरली, तबकडी स्वच्छ होती का आणि खरखर काढताना गायकाचा श्वासही पुसला गेला का, यांनी. सेवांच्या पडद्यावर मात्र 24 बिट एवढाच शिक्का दिसतो. रूपांतर कधी झालं, कशावरून झालं, याची नोंद बहुतेक ठिकाणी देत नाहीत.