मामीचे सहा उंडे

गोव्यात फोंड्याला मामीकडे सकाळी पोदेराचा, म्हणजे पाववाल्याचा, पोंऽपों ऐकू आला की मामी पिशवी घेऊन गेटपाशी जाते आणि अजून सहाच उंडे (गोल पाव) घेते, मामाला जाऊन चार महिने झाले, त्याचे दोन दुपारपर्यंत तसेच पडून कडक होतात. परवा हळूच म्हणाली, "रात्री आठला ह्यांची स्कूटर आल्यासारखी वाटते रे, मला वेड तर लागत नाही ना?"

नाही गं. वेल्समधल्या डेवी रीस या डॉक्टरने 293 विधवा-विधुरांना हेच विचारलं होतं, 1971 साली ते छापून आलं, जवळपास निम्म्या लोकांना गेलेला माणूस आसपास असल्यासारखा वाटायचा, कुणाला आवाज यायचा, कुणाला तर दिसायचासुद्धा. आणि बहुतेकांनी हे कुणापाशी बोलूनच दाखवलं नव्हतं.

असं का होतं? आपल्या माणसाचं कुठे, कधी असायचं हे मेंदूने पाठ केलेलं असतं. नॉर्वेत मोझर दांपत्याच्या लॅबमध्ये (2014च्या नोबेलमध्ये यांचाही वाटा) उंदरांच्या पिंजऱ्यात एक वस्तू ठेवली आणि नंतर उचलली, तरी मेंदूतल्या काही पेशी त्या रिकाम्या जागेपाशी आलं की चालू व्हायच्या, तेही कित्येक दिवस. उंदरावरून माणसाचं सगळं ठरत नाही, मान्य, पण त्या उंदराचा त्या वस्तूशी काय संसार होता? इथे 41 वर्षांचा आहे.

म्हणून "विसर आता" म्हणून काही होत नाही, रोज आठ वाजता स्कूटर येत नाही हे मेंदूला रोज नव्याने शिकावं लागतं. त्या दुःखाच्या पाच पायऱ्या (नकार, राग, घासाघीस, नैराश्य, स्वीकार) तर सोडूनच द्या, 1969मध्ये डॉक्टर क्यूब्लर-रॉस यांनी त्या मांडल्या त्या मरणाच्या दारात असलेल्या पेशंटशी बोलून, मागे राहिलेल्यांशी नाही. मला श्ट्रोबं आणि शुट या मानसशास्त्रज्ञांचं 1999चं म्हणणं जास्त पटतं, माणूस हेलकावे खातो, सकाळी फोटोपुढे रडतो, अकराला बँकेत नॉमिनीचा फॉर्म भरतो, संध्याकाळी सिरियल बघून हसतोसुद्धा, आणि हे सगळंच लागतं. शेजारची बाई मामीच्या हसण्यावर कुजबुजली, तिला कोण सांगणार.

सहा महिने उलटूनही दुःख तसंच घट्ट धरून बसलं, रोजचं जगणंच अडलं, तर मात्र जागतिक आरोग्य संघटना त्याला आजार धरते, अमेरिकेतले डॉक्टर वर्षभर थांबतात. तेव्हा बांबोळीच्या सरकारी इस्पितळात दाखवायला लाजू नये.

काल पोदेराने न विचारताच सहा मोजले. मामीने एक परत दिला.